खिळ्यावरची चाबी

आमच्या गावाचा जुना डांबरी रस्ता सरळ पाण्यात जातो. नवखा माणूस गाडीवर आला तर त्याची धांदल उडते. रस्ता चांगला, खड्डे कमी, कडेला ‘वाशीम १४’ असा दगड, आणि दगडापुढं वीस पावलांवर नदी. पंधरा वर्षांपूर्वी खाली बंधारा झाला, पाणी मागं फुगलं आणि मधला दोनशे पावलांचा रस्ता फरशीपुलासकट बुडाला. पलीकडच्या काठावर तोच रस्ता पाण्यातून वर येतो आणि काही झालंच नाही अशा तोऱ्यात वाशीमकडं निघतो.

मोजणीला आलेल्या एका साहेबानं तेव्हा सांगितलं होतं, अनसिंगकडून वळसा घालून जात जा, एकतीस किलोमीटर तर पडतं. सकाळी आठला मार्केट यार्डात हमालीला उभं राहायचं असतं म्हणजे काय, हे त्या साहेबाला कुणी सांगितलं नसावं. म्हणून मग आमच्या पळसदऱ्यात नदी पार करायला डोंगा, म्हणजे नाव, सुरू झाला. आधी गोविंदाभाऊनं चालवला आणि त्याच्यानंतर त्याच्या बायकोनं. ही गोष्ट तिची आहे. वच्छलाबाई तिचं नाव, सगळे मावशी म्हणतात. मी नरेंद्र, वाशीमच्या एका शाळेत कारकून. या गोष्टीत माझं काम एवढंच की तिच्या डोंग्यात बसणारा शेवटचा माणूस मी होतो. तेही काम मी धड केलं असं नाही.

घाट म्हटलं की लोकांना देऊळ आणि पायऱ्या आठवतात. आमच्या घाटावर डांबराचं तुटकं टोक, एक टिनाचं शेड आणि दोन्ही काठांच्या लोखंडी खांबांना ताणून बांधलेली तार, एवढंच. डोंगा वाशीमच्या वेल्डिंगवाल्यानं पत्र्याचा करून दिलेला. चौदा माणसं बसायची. पंधरावा चढला की मावशी त्याच्या आजोबाच्या नावासकट हाक मारून त्याला खाली उतरवायची. ना वल्हं, ना इंजीन. मावशी पुढं उभी राहायची, हातात सायकलच्या टायरचा तुकडा घ्यायची, त्यानं तार धरायची आणि ओढायची. बाई पाच फूटसुद्धा नाही, पण तिनं ओढायला सुरुवात केली की बसलेल्या गड्यांना आपले हात मांडीवर ठेवायला लाज वाटायची. एखादा उठून मदतीला आला तर म्हणायची, “बस खाली. तुह्यानं डोंगा वाकडा होते.”

सकाळी साडेसहापासून माणसं जमायची. ग्यानबा आणि त्याच्यासारखे पाचसहा हमाल, कापडाच्या दुकानात कामाला जाणाऱ्या बाया, कॉलेजच्या पोरी, दोन मास्तर, मी. आमच्या गाड्या पलीकडच्या काठावर, बाभळीखाली. तिथं चढायचं आणि वाशीम गाठायचं. संध्याकाळी उलटं. गाड्या बाभळीखाली ठेवायच्या आणि डोंग्यानं घरी. बाभळीखालून एकही गाडी कधी चोरीला गेली नाही, कारण चाब्या मावशीजवळ असायच्या. आणि खरं सांगायचं तर, मावशीला गाड्यांची काळजी नव्हतीच.

शेडाच्या भिंतीला सागाची एक फळी ठोकलेली होती आणि फळीवर बत्तीस खिळे. प्रत्येकाचा खिळा ठरलेला. सकाळी डोंग्यात चढताना आपल्या खिळ्यावरची चाबी घ्यायची, संध्याकाळी उतरल्यावर परत लावायची. ज्याच्याजवळ गाडी नाही त्याच्यासाठी मावशीनं भंगारवाल्याकडून बिनकुलपाच्या चाब्या आणल्या होत्या, गंजलेल्या, वेड्यावाकड्या. कॉलेजच्या पोरी त्या दोऱ्यात ओवून गळ्यात घालायच्या. कॉलेजात कुणी विचारलं, ही कशाची चाबी, तर त्या हसून टाळायच्या, कारण सांगायला बसलं तर पूर्ण गोष्ट सांगावी लागायची.

चाबी लावली की मावशी विचारायची, “आला?”

माणूस तिच्या पुढ्यात उभा असायचा. तरी तोंडानं “आलो” म्हणावं लागायचं. मग दुसऱ्याला, “आली?” “आली.” बत्तीसच्या बत्तीस खिळे भरेपर्यंत डोंगा खांबाला बांधायचा नाही. एखादा खिळा रिकामा राहिला की मावशी पलीकडच्या काठावर जाऊन बसायची, मग आठ वाजोत की नऊ. सासरी मुक्कामाला राहिलेल्यांनी फोन केला नाही तर दुसऱ्या दिवशी त्यांचं जे व्हायचं ते मी इथं लिहीत नाही.

या रीतीमागं रामधन होता. रामधन तांड्यावरचा, वाशीमला बांधकामावर जायचा. तेव्हा डोंगा गोविंदाभाऊ ओढायचा आणि माणसं तोंडानंच मोजायची. अकरा वर्षांपूर्वी दिवाळीच्या सुमाराला एका संध्याकाळी गोविंदाभाऊनं विचारलं, “आले काय सगळे?” कुणीतरी म्हणालं, “आले.” रामधन त्या वेळी हुडहुडी भरून बाभळीमागं बसला होता. डोंगा आला, बांधला, सगळे घरी गेले. रामधननं हाका मारल्या, त्या वाऱ्यानं उलट्या नेल्या. मग तो तारेला लोंबकळत निघाला. मधोमध हात सोलले आणि सुटले. पाण्यात बुडालेल्या एका वाळक्या बाभळीचा शेंडा हाताला लागला म्हणून वाचला. सकाळी पहिल्या खेपेला तो त्या शेंड्याला मिठी मारून बसलेला दिसला. तापातून उठला, मग बायकापोरं घेऊन ऊसतोडीला गेला, आणि आमच्या घाटावर परत पाय ठेवला नाही. जाताना कुणाला काही बोलला नाही. बोलला असता तर बरं झालं असतं, असं गोविंदाभाऊ म्हणायचा. त्यानं तारेला पुन्हा हात लावला नाही. दुसऱ्या दिवशी मावशीनं तार धरली, आठवडाभरात फळी ठोकली. गोविंदाभाऊ त्यानंतर दोनेक वर्षांत गेला.

आणि तो “आले” म्हणणारा कोण होता, हे गावात कुणी कधी कबूल केलं नाही. माझा संशय सगळ्यांवर आहे. माझ्यावरसुद्धा. मी त्या खेपेला होतो.

माझी बायको निता सहा वर्षांपूर्वी गेली. मूलबाळ नाही. घर दोन खोल्यांचं, पण एका माणसाला ते फार मोठं होतं. भाकरी मी करतो, जाड होतात. सुरुवातीला लोक यायचे, मग सणावाराला यायचे, मग रस्त्यात भेटले तर विचारायचे. त्यांचं चुकलं असं नाही, प्रत्येकाला आपापलं घर आहे. पण संध्याकाळी कुलूप उघडून आत गेलं की मी आलो हे फक्त कुलपाला कळायचं. मी घरी पोचलो की नाही, हे ठाऊक असणारं माणूस जगात एकच उरलं होतं, आणि ते घाटावर फळीसमोर उभं राहून मला “आला?” विचारायचं. हे मला तेव्हा समजलं नव्हतं. आता समजतं, म्हणून लिहितो.

दोन वर्षांपूर्वी वरच्या अंगाला पूल झाला. वाशीम एकोणीस किलोमीटर, पण सगळा रस्ता गुळगुळीत आणि गाडी थेट अंगणात. फीत कापली त्या दिवशी गावानं पेढे वाटले, आणि पहिला पेढा मावशीला दिला. तिनं तो खाल्लाही. दुसऱ्या दिवशी सकाळी घाटावर नऊ माणसं होती.

लोक लाजत लाजत गेले, हेही सांगायला पाहिजे. ग्यानबा बाभळीखालची गाडी न्यायला आला तेव्हा त्यानं मावशीला टोपलीभर वांगी आणून दिली. मास्तर लोकांनी भाषण केलं. दुकानातल्या बायांना ऑटो दारात येऊ लागला, त्या नुसत्याच यायच्या बंद झाल्या. कॉलेजची सपना तेवढी सात-आठ महिने टिकली. मग तिच्या बापानं तिला स्कूटी घेऊन दिली. तिनं गळ्यातली गंजकी चाबी काढून मावशीच्या हातात ठेवली आणि रडली. मावशी म्हणाली, “रडतं कायले पोट्टे, पुलावर वारं लागते म्हनून? ओढनी नीट बांध, चाकात जाते.” सपना गेल्यावर मावशीनं ती चाबी खिळ्याला लावली नाही. सगळ्या बिनकुलपाच्या चाब्या तिनं एका डब्यात ठेवल्या. पण खिळा एकही उपटला नाही.

मग मी एकटा उरलो. मी पुलानं गेलो नाही. शाळेत मला वेड्यात काढायचे. नरेंद्रभाऊ, पूल तुमचा पैसा मागतो काय? मी म्हणायचो, त्या बाईनं आपल्याला इतकी वर्षं ओढलं, आता एकाएकी सगळ्यांनी पाठ फिरवायची? कुणीतरी पाहिजे. हे बोलताना मला स्वतःचा फार अभिमान वाटायचा. पानठेल्यावरही मी हे दोनदा सांगितलं. चौदा जणांच्या डोंग्यात मधोमध एकटा बसून मी रोज पार व्हायचो, आणि मनात म्हणायचो, आज पुन्हा एका म्हातारीचा दिवस सार्थकी लावला.

मावशी रोज तार ओढताना बोलायची. “भाजी काय होती?” “पिठलं.” “कालही पिठलंच होतं.” “मला तेच येतं.” “मंग शिक की. का मले सांगतं रोज रोज?” एकदीड महिन्यानं तिनं डोंग्यातच मला वांग्याची भाजी शिकवली, तार ओढता ओढता, फोडणीपासून. तीन दिवस लागले, कारण दोनशे पावलांत जेवढी भाजी मावेल तेवढीच ती सांगायची.

तिचा मुलगा संघपाल पुण्याला कंपनीत आहे. सून रूपाही नोकरी करते. या फेब्रुवारीत त्यांना मुलगी झाली. मावशी प्लॅस्टिकच्या पिशवीत गुंडाळलेला फोन काढून मला रोज तिचा फोटो दाखवायची. फोटो तोच असायचा. “नाक पाह्य, गोविंदाचं हाय,” म्हणायची. मी म्हणायचो, “जा ना मावशी, पाहून ये.” ती तार धरून म्हणायची, “पाहू. जोपर्यंत एक तरी चाबी लागते तोपर्यंत घाट कसा सोडू?” मला ते बोलणं आवडायचं. ती चाबी माझी होती.

ऑगस्टच्या सुरुवातीला एका दुपारी संघपाल माझ्या शाळेच्या ऑफिसात आला. पाठीवर बॅग, डोळे जागरणाचे. “जय भीम, काका,” म्हणाला आणि समोरच्या खुर्चीवर बसला. मी चहा मागवला. त्यानं तो तसाच ठेवला.

“काका, रूपाची सुट्टी या महिन्याच्या तीस तारखेले संपते. माय आली त नोकरी राहते. नाही आली त तिले सोडा लागते. दुसरं कोनी नाही आमच्याजवळ. पोरीले पाळनाघरात टाकायची आमची दोघांचीही हिंमत नाही.”

“मग ने ना मावशीला. मी रोज सांगतो तिला, जा म्हणून.”

तो माझ्याकडं पाहत राहिला. “तिले यायचं हाय काका. रात्री फोनवर रडते पोरीसाठी. तुमच्यापायी येत नाही ते.”

“माझ्यापायी?”

“म्हनते, नरेंदर एकटा हाय. पुलानं जाईन अन् येईन, कोनाले ध्यान राह्यते? घरात पडून राह्यला त चार दिवस समजनार नाही. म्हनते, थो बिचारा माह्यासाठी नाही, स्वतःसाठी येते, पन त्याले तसं वाटू देत नाही मी.”

मला राग आला. असा आला की कानशिलं तापली. मी तिच्यावर दया करतो, हे सगळ्या शाळेला माहीत, पानठेल्याला माहीत, आणि ही बाई माझ्यावर दया करत होती! ‘बिचारा’ म्हणजे काय? मी पर्मनंट माणूस, भविष्य निर्वाह निधी आहे माझा. संघपालला मी म्हणालो, “तू जा परत. मी पाहतो.” तो म्हणाला, “मी आलतो हे मायले नका सांगू.” तो तसाच पुण्याच्या गाडीला गेला.

संध्याकाळी मी तावातावानं गाडी हाणत घाटावर आलो. आज तोंडावर सांगायचं ठरवलं होतं. बाभळीखाली गाडी लावली. मावशी नेहमी बाभळीच्या काठावर येऊन बसायची, पण त्या दिवशी मी तासभर लवकर होतो. ती गावाकडच्या काठावर शेडापुढं उकिडवी बसली होती, कपाळावर हात धरून. मी बाभळीच्या सावलीत होतो, तिला दिसलो नसेन. ती रस्त्याकडं पाहत होती. तासभर आधीपासून ती रस्त्याकडं पाहत बसते, हे मला अकरा वर्षांत माहीत नव्हतं. माझा सगळा ताव उतरला. मी तिथंच बाभळीच्या मुळीवर बसलो आणि मला रडू आलं, निता गेल्यावर आलं होतं तसं. ती म्हणत होती ते खरं होतं. मी तिच्यासाठी येतच नव्हतो.

त्या संध्याकाळी काही बोलणं झालं नाही. “आला?” “आलो.” चाबी लावली, घरी गेलो. वांग्याची भाजी केली, खाल्ली नाही.

सकाळी डोंगा मधोमध आला तेव्हा मी म्हणालो, “मावशी, आजपासून मी पुलानं येत जाईन.”

तिचा हात तारेवर थांबला. “काहून?”

“कंबर. या जुन्या रस्त्यानं गाडी आदळते. डॉक्टर म्हणतात, गुळगुळीत रस्त्यानं जा.”

“कोनते डॉक्टर?”

“वाशीमचे.”

डोंगा मधोमध तसाच उभा राहिला. पाणी पत्र्याला लागून आवाज करत होतं. मग तिनं परत ओढायला सुरुवात केली. काठाला लागेपर्यंत ती एक शब्द बोलली नाही, आणि हे कधी झालं नव्हतं. मी उतरलो, तेव्हा म्हणाली, “मंग संध्याकाळी वाट नको पाहू म्हनतं.”

“नको.”

“बरं,” ती म्हणाली. “कंबरेले शेक देजो.”

दिवसभर शाळेत मी दाखल्यांवर चुकीच्या तारखा टाकल्या. संध्याकाळी पुलानं आलो. रस्ता खरंच गुळगुळीत होता. गाडी अंगणात लावली, कुलूप उघडलं आणि दोन मिनिटांत परत बाहेर पडलो. घाटाच्या वाटेवर पळसाची दाट झुडपं आहेत. चोरासारखा मी त्यांच्यामागं जाऊन उभा राहिलो.

मावशी रिकामा डोंगा ओढत पलीकडं गेली होती. पलीकडच्या काठावर बसली होती, बाभळीखाली गाडी नसताना. ऊन उतरलं, बगळे गेले, पाणी काळं झालं. मग ती उठली, डोंगा ओढत परत आली. शेडापुढं उभी राहून तिनं फळीकडं पाहिलं. बत्तीसच्या बत्तीस खिळे रिकामे. माझ्या मनात आलं, आत्ता पळत जावं, चाबी लावावी आणि म्हणावं, आलो. पाय उचललासुद्धा. पण समोर तीस तारीख होती, रूपा होती, गोविंदाभाऊचं नाक असलेली ती पोरगी होती. मी पाय मागं घेतला. मावशीनं सभोवती एकदा पाहिलं, डोंगा खांबाला बांधला आणि गेली. मला नवल वाटलं. खिळा रिकामा असताना तिनं डोंगा बांधला, असं याआधी एकदाही झालं नव्हतं.

पाचव्या दिवशी सकाळी ती माझ्या दारात आली. इस्त्रीचं पांढरं लुगडं, हातात पिशवी, मागं ऑटो उभा. “पुन्याले चालली,” म्हणाली. मी म्हणालो, “बरं केलं.”

“तुह्यी कंबर मस्त हाय,” ती म्हणाली. “अकरा वर्षं तुले डोंग्यात चढताना पाहून राह्यली मी. संघपाल येऊन गेला ना तुह्याकडं?”

मी खाली पाहिलं.

“खोटं बोलला ते बरं केलं. कोनीतरी मले जा म्हनायले पायजे होतं. नुसतं जा जा म्हनून मानूस जाते काय?” मग हसली. “अन् लपायचं असलं त पांढरा सदरा घालू नये. त्या रोजी पळसामागं उभा होता तू. दिसला मले. तू घरी पोचला हे दिसलं, म्हनून त नाव बांधली.”

तिनं पिशवीतून एक चाबी काढली आणि माझ्या तळहातावर ठेवली. गंजकी, एक दात तुटलेली. बिनकुलपाच्या डब्यातली.

“गाडीची चाबी तुह्याजवळच ठेव, गाडी आता अंगनात असते. ही रोज संध्याकाळी आपल्या खिळ्याले लावत जाय. मी फोन करीन.”

“मावशी, तिकडं कामात तुला कुठं आठवण राहणार?”

“ते मी पाहीन,” म्हणाली, आणि ऑटोत बसली. ऑटो पुलाच्या रस्त्यानं गेला. पूल झाल्यापासून तिनं त्यावर पाय ठेवल्याचं मला माहीत नव्हतं.

पहिल्या संध्याकाळी साडेसहाला फोन आला. मी ओसरीत खाटेवर होतो. “आला?” “आलो.” “चाबी लावली?” “लावली.” तिनं कान लावला. “पान्याचा आवाज नाही येत,” म्हणाली. “चाबीचाही नाही आला. जाय, लावून ये. मी थांबते.” मी पन्नाशीचा माणूस, फोन कानाला धरून दवंडी पिटल्यासारखा सगळ्या गल्लीसमोरून घाटावर पळालो. लोकांनी विचारलं, काय झालं, कोण वारलं? फळीवर चाबी लावली, खिळ्यावर वाजली. “हं,” मावशी म्हणाली. मागं तान्ह्या पोरीचा आवाज आणि कुकरची शिटी. “झालं. बांधली मी नाव.”

तेव्हापासून रोज असंच चालतं. शहाण्या माणसानं करण्याजोगं हे काम नाही. पुलानं घरी यायचं, गाडी लावायची, मग चालत घाटावर जायचं, काही न उघडणारी चाबी खिळ्याला लावायची आणि पुण्याच्या चौथ्या मजल्यावरून एका बाईनं म्हणायचं, बांधली नाव. सकाळी निघताना पुन्हा जाऊन चाबी घ्यायची, कारण खिळा रिकामा नसेल तर संध्याकाळी लावणार काय? डोंगा काठावर पालथा पडला आहे. तार कुणी काढून नेली नाही अजून. पलीकडच्या बाभळीखाली गवत वाढलं.

परवा साडेसहाला फोन आला नाही. मी चाबी हातात धरून फळीपुढं उभा राहिलो. सात वाजले. मी तिचा फोन लावला, तर बंद. संघपालचाही बंद. मी शेडापुढं, मावशी बसायची तिथं, उकिडवा बसलो. कामात असतील, मी मनाला सांगितलं. पोरगी झोपत नसेल. मग वाटलं, चार दिवसांनी कळेल. मग वाटलं, मला कोण सांगणार? मी तिचा कोण? पाणी काळं झालं. समोरच्या काठावर कुणीच नव्हतं, कुणी येणारही नव्हतं, आणि मी तिकडंच पाहत होतो. अकरा वर्षं ती काय करत होती, ते मला त्या तासाभरात कळलं, आणि चाबी लावून घरी निघून जायला माझा हात उठेना.

पावणेआठला फोन वाजला. मागं गाड्यांचा आवाज होता. “नरेंदर, पोट्टी तापली होती. दवाखान्यात गेलतो सगळे, तिथं फोन बंद करायले लावले. आता उतरला ताप. घरी चढून राह्यलो. तू अजून घाटावरच काय?”

“हो.”

“कायले?”

जिन्यात तिचा दम लागलेला ऐकू येत होता. मग दाराचं कुलूप उघडलं, दिव्याचं बटन वाजलं, पोरगी किरकिरली.

“आली?” मी विचारलं.

हा प्रश्न तिला याआधी कुणी विचारला नसावा.

“आली,” ती म्हणाली.

मग मी चाबी खिळ्याला लावली आणि घरी गेलो.